बोगद्यातला वाल्टर

सारायेव्होच्या चौकात तरुण मुलामुलींची प्रेतं ओळीने ठेवली आहेत. रात्री जर्मनांनी मारलेली. समोर गावातली माणसं गोळा झाली आहेत आणि मधल्या मोकळ्या जागेपलीकडे सैनिक बंदुका रोखून उभे आहेत. ज्यांची मुलं आहेत त्यांनी पुढे येऊन ती न्यावीत, असं सांगितलं जातं. यातली मेख गर्दीतल्या प्रत्येकाला कळते. जो पुढे येईल त्याचं घर भूमिगतांचं, हे आपोआप सिद्ध होणार. तरी एक म्हातारा घड्याळजी पाऊल टाकतो, कारण त्याची पोरगी त्या ओळीत आहे. बंदुका त्याच्याकडे वळतात. मग गर्दीतून आणखी पावलं पडायला लागतात. त्यात एक रुंद खांद्यांचा, जाड मानेचा, फारसं काही न बोलणारा माणूस आहे. बघता बघता सगळा चौकच चालू लागतो आणि गोळी सुटत नाही.

'वाल्टर सारायेव्होचं रक्षण करतो' हा १९७२चा युगोस्लाव्ह सिनेमा. त्यातला तो जाड मानेचा माणूस म्हणजे वेलिमिर झिवोयिनोविच. सगळा देश त्याला 'बाता' म्हणायचा. घरातल्या भावाला लाडाने म्हणतात तसं.

मी हा सिनेमा यूट्यूबवर पाहिला, बारीक अक्षरांतल्या सबटायटल्ससकट. खरं तर मी युगोस्लाव्हिया शोधत होतो. आमच्या शाळेतल्या नकाशात तो एकाच रंगात रंगवलेला सलग देश होता आणि इतिहासाच्या पुस्तकात नेहरू, नासर आणि टिटो ही नावं एका दमात यायची. १९६१ साली अलिप्ततावादी देशांची पहिली परिषद कुठे भरली, या प्रश्नाला 'बेलग्रेड' लिहून एक मार्क मिळायचा. पुढे तो देश बातम्यांत फुटत गेला. त्याचे किती तुकडे झाले हे सांगताना आजही बोटं मोजावी लागतात. अशा नाहीशा झालेल्या देशाचा चेहरा बघायचा असेल तर कुणाचा बघायचा? टिटोचा नको, तो पोस्टाच्या तिकिटांवर पुरेसा आहे. मला बाताचा सापडला, आणि त्याच्याशी माझं काही केल्या पटत नाही, पण तो सुटतही नाही.

बाताचा जन्म ५ जून १९३३चा, कोस्माय डोंगराच्या पायथ्याच्या कोराचित्सा गावातला. म्लादेनोवात्स हे जवळचं मोठं गाव. युद्धात बालपण गेलं, मग कुटुंब बेलग्रेडला आलं. विद्यार्थ्यांच्या एका नाट्यसंस्थेत सेट उचलण्या-ठेवण्याचं काम करता करता तो नाटकात शिरला. आपल्याकडच्या नाटकवाल्यांना ही वाट ओळखीची वाटेल. पडदा ओढणारा पोरगा एक दिवस पडद्याच्या पुढे येतो. १९५५च्या सुमारास सिनेमात आला आणि पुढची पन्नासहून जास्त वर्षं तिथून हललाच नाही. तीनशेहून अधिक भूमिका केल्या. त्यातल्या पुष्कळ विसरण्यासारख्या आहेत, हे त्याच्या चाहत्यांनाही मान्य असावं. पार्टिझान म्हणजे दुसऱ्या महायुद्धात जर्मनांशी लढलेले टिटोचे गनिमी सैनिक. त्यांच्यावरच्या सिनेमांच्या लाटेत बाताने इतके जर्मन मारले की खुद्द पार्टिझान फौजेनेही मारले नसतील, असा विनोद तिकडे चालायचा.

पण बाता निव्वळ बंदुका चालवणारा नट असता तर मी हे लिहायला बसलो नसतो. अलेक्सांदर पेत्रोविचचा 'तीन' हा १९६५चा सिनेमा बघा. त्यात एकाच माणसाच्या युद्धकाळातल्या तीन गोष्टी आहेत. मिलोश असं त्याचं नाव. पहिल्या गोष्टीत १९४१ साल आहे, देश कोसळतोय, एका रेल्वे स्टेशनवर माणसं गाडीची वाट बघत खोळंबली आहेत. तिथे एक परका माणूस सैनिकांच्या तावडीत सापडतो. त्याच्याकडे कागदपत्रं नाहीत. बायको येतेच आहे, तिच्याकडे आहेत, असं तो सांगत राहतो. गर्दीला संशय घ्यायची घाई झालेली असते. त्याला गोळी घालतात आणि मग बायको येते. दुसऱ्या गोष्टीत जर्मन मिलोशच्या मागावर आहेत, तो उघड्या माळावरून आणि दलदलीतून पळतोय. त्याच्यासोबतचा पार्टिझान मारला जातो, हा उरतो. तिसऱ्या गोष्टीत युद्ध संपत आलंय. आता मिलोश अधिकारी आहे. समोरच्या अंगणात शत्रूला सामील झालेली माणसं पकडून आणली आहेत, त्यात एक तरुण मुलगी आहे. तो खिडकीतून बघतो. तीही बघते. त्याने शब्द टाकला असता तर ती कदाचित वाचली असती. तो शब्द टाकत नाही.

या तिसऱ्या गोष्टीत बाताने जे केलंय ते सांगायला कठीण आहे, कारण तो जवळजवळ काहीच करत नाही. डोळे पाणावत नाहीत की जबडा आवळत नाही. नुसता बघतो. पण पहिल्या गोष्टीत स्टेशनवर अस्वस्थ होऊन बघणारा माणूस आता स्वतः हुकूम देणाऱ्यांच्या बाजूला उभा आहे, हे आपल्याला त्याच्या खांद्यांवरून कळतं. विजेत्यांच्या देशात, विजयाला जेमतेम वीस वर्षं होत असताना, असा सिनेमा निघाला. तो ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला.

त्यानंतर पेत्रोविचचाच 'पिसं गोळा करणारे' आला, १९६७ साली. व्होयव्होदिनाच्या सपाट, चिखलाच्या मुलखात हंसांची पिसं विकत घेऊन फिरणाऱ्या जिप्सींची ही गोष्ट. तिथले खरे जिप्सी, त्यांची खरी भाषा, त्यांची गाणी. नायक बोरा झाला होता बेकिम फेहमियु आणि त्याचा धंद्यातला भिडू आणि वैरी मिर्ता झाला होता बाता. एका पोरीपायी दोघांचं फाटतं. पिसांनी भरलेल्या कोठारात दोघांची चाकूमारी होते, माणसं पिसांत बुडतात आणि वर हवेत पांढरा धुरळा. मिर्ता तिथेच मरतो. कान्सला या सिनेमाने परीक्षकांचं मोठं बक्षीस मिळवलं. मिर्ता हलकट आहे, पण बाताने त्याला असा एक लोचट प्रेमळपणा दिलाय की त्याचा राग धरणं जड जातं. बेकिमबद्दल पुढे सांगायचंय, तेव्हा हे नाव लक्षात ठेवा.

मग भव्य सिनेमांचा काळ आला. 'नेरेत्वाची लढाई' (१९६९) वेल्को बुलायिचचा. यूल ब्रिनर, ऑर्सन वेल्स, फ्रँको नेरो, सर्गेई बोंदारचुक असे दिग्गज, हजारो सैनिक आणि रणगाडे, आणि एका जाहिरातपत्रासाठी चक्क पिकासो. याब्लानित्सा इथला खरा रेल्वेपूल सिनेमासाठी उडवला गेला. उडवला, पण धूर इतका झाला की पडद्यावर धड काही दिसेना, म्हणून शेवटी प्राग इथे छोटा नमुना करून तो प्रसंग घेतला. खऱ्या पुलाचा सांगाडा अजून नदीत लोंबतोय आणि पर्यटक त्याचे फोटो काढतात. सरकारी पैशाने इतिहास उभा करायला गेलं की असं होतं. या सगळ्या तमाशात बाता स्टोले नावाच्या पार्टिझानच्या भूमिकेत आहे आणि एवढ्या नामवंतांच्या भाऊगर्दीत तो एकटाच तिथे राहणारा वाटतो. बाकीचे पाहुणे.

हायरुदिन क्रवावत्स हा दिग्दर्शक वेगळा होता. सारायेव्होचा माणूस. त्याला इतिहास शिकवायचा नव्हता, थरार सांगायचा होता. 'पूल' (१९६९) आणि 'वाल्टर' हे दोन्ही त्याचे, आणि दोन्हींत बाता. वाल्टर नावाचा माणूस खरोखर होता. व्लादिमिर पेरिच, जन्म १९१९चा, सर्बियातल्या प्रियेपोल्येचा. सारायेव्होच्या भूमिगत चळवळीचा म्होरक्या. एप्रिल १९४५मध्ये शहर मुक्त होत होतं त्या शेवटच्या रात्री तो मारला गेला. ६ एप्रिल हा सारायेव्होचा मुक्तिदिन, म्हणजे शहराचा सण आणि वाल्टरची पुण्यतिथी जवळजवळ एकत्रच येतात.

सिनेमात मात्र वाल्टर जिवंत राहतो. १९४४ सालचा शेवट, माघार घेणाऱ्या जर्मन फौजेला इंधन हवंय, ते सारायेव्होच्या साठ्यातून जाणार, आणि वाल्टर आडवा येणार. तो कोण हे कुणालाच ठाऊक नाही, म्हणून जर्मन एक खोटा वाल्टर तयार करून भूमिगतांत घुसवतात. संशय, दगा, पाठलाग. बाश्चार्शिया या जुन्या बाजारात तांबट घण घालतायत, तो ठणठणाट वाढत जातो आणि त्याच्या आडून माणसं निसटतात. पुण्याच्या तांबट आळीत उभं राहिलेल्या माणसाला तो आवाज कसा अंगावर येतो ते सांगायला नको. घड्याळजीचाही एक प्रसंग आहे. वाल्टरसाठी लावलेल्या सापळ्यात तो स्वतः चालत जातो. निघताना दुकानातल्या पोराला देणीघेणी समजावून सांगतो, जणू संध्याकाळी परत येऊन हिशेब बघणार आहे. ही भूमिका रादे मार्कोविचची. सिनेमातला सगळ्यात चांगला अभिनय त्याचा आहे, बाताचा नाही. बाताने इथे फक्त खांब व्हायचं होतं आणि तो झाला.

शेवटी हरलेला जर्मन अधिकारी डोंगरावरून खाली पसरलेलं शहर बघतो. इतके दिवस शोधून सापडला नाही, आता जायची वेळ आली तेव्हा वाल्टर कोण ते कळलं, म्हणतो. आणि शहराकडे हात करतो: हे शहर दिसतंय? हाच वाल्टर.

हा सिनेमा चीनमध्ये गेला. सांस्कृतिक क्रांतीच्या काळात तिथे परदेशी सिनेमे जवळजवळ नव्हतेच. १९७७ साली टिटो बीजिंगला गेला, दोन्ही देशांचं जमलं, आणि चिनी बोलणारा वाल्टर गावोगावी दाखवला गेला. करमणुकीला भुकेलेल्या एवढ्या मोठ्या देशाने तो पुनःपुन्हा पाहिला. त्यातले भूमिगतांचे सांकेतिक संवाद पोरं खेळताना म्हणायची. 'पूल'मधून 'बेला चाओ' ही चाल चिनी लोकांना मिळाली. तीच चाल आपल्याकडे दिल्लीच्या सीमेवरच्या शेतकरी आंदोलनात 'वापस जाओ' होऊन आली. चालींना पासपोर्ट लागत नाही. बाता चीनला गेला की गर्दी लोटायची. तिकडे वाल्टर नावाची बिअरही निघाली. जगात एखाद्या युद्धपटाच्या नायकाला सगळ्यात जास्त लोकांनी पाहिलं असेल तर तो हॉलीवूडचा कुणी नसून कोस्मायच्या पायथ्याचा हा माणूस असेल, असं म्हणणारे पुष्कळ आहेत. आकड्यांच्या वादात मला पडायचं नाही.

आता त्याच्याशी माझं जिथे बिनसतं तिथे येतो.

१९९२च्या एप्रिलमध्ये, देश फुटत असताना, बोस्नियाच्या राजधानीत म्हणजे सारायेव्होत हजारो माणसं युद्ध नको म्हणून रस्त्यावर आली. सर्ब, क्रोएट, मुसलमान, आणि स्वतःला नुसतं सारायेव्होकर म्हणणारे. त्यांच्या घोषणांमध्ये एक होती: आम्ही वाल्टर आहोत. सिनेमातली ओळ वीस वर्षांनी शहराने उचलली होती. त्या जमावावर गोळ्या झाडल्या गेल्या. नंतर डोंगरांवरून तोफा सुरू झाल्या. सिनेमातला जर्मन अधिकारी जिथून शहर बघतो तसल्याच उंचीवरून. वेढा जवळपास चार वर्षं चालला. पुढे शहराने मेलेल्यांच्या आठवणीत मुख्य रस्त्यावर लाल रिकाम्या खुर्च्या मांडल्या, त्या ११,५४१ होत्या. वाल्टरला पडद्यावर आणणारा क्रवावत्स याच वेढ्यातल्या सारायेव्होत, १९९२च्या जुलैमध्ये वारला.

आणि बाता? बाता बेलग्रेडमध्ये होता. सर्बियाचा तेव्हाचा अध्यक्ष स्लोबोदान मिलोशेविच याच्या समाजवादी पक्षात. त्या पक्षातर्फे संसदेत बसत होता. डोंगरावरच्या सर्ब तोफांना पैसा, दारूगोळा आणि माणसं ज्या राजवटीकडून जात होती तिच्या बाकांवर.

मराठी माणसाला याची उलटी बाजू चांगली ठाऊक आहे. निळू फुले पडद्यावर इतके नीच सरपंच आणि साखरसम्राट झाले की गावातल्या बायका त्यांना बघून बोटं मोडायच्या. आणि प्रत्यक्षात ते राष्ट्र सेवा दलातले, चळवळींना वेळ आणि पैसा देणारे गृहस्थ. पडद्यावरचा खोटा दुष्टपणा आणि खरा सज्जनपणा यांचं अंतर आपण कौतुकाने सांगतो. पण हेच अंतर उलट दिशेने असेल तर काय करायचं, याची आपल्याला सवय नाही. खलनायकाचा सज्जनपणा हा बोनस असतो. नायकाची चूक मात्र आपण वैयक्तिक फसवणूक म्हणून घेतो.

बाताच्या बाजूने बोलणारे म्हणतात, तो टिटोच्या काळापासूनचा पक्का कम्युनिस्ट, पक्षाचं नाव बदललं आणि तो तिथेच राहिला. त्याच्या पिढीला पक्ष म्हणजेच देश वाटायचा. हे मला समजतं. पण बेकिम फेहमियुलाही तोच देश होता. कोसोव्होचा अल्बेनियन, बेलग्रेडच्या रंगभूमीचा लाडका, 'पिसं'मध्ये बाताच्या समोर चाकू घेऊन उभा राहिलेला. १९८७ साली अल्बेनियन लोकांविरुद्ध जे विष पेरलं जात होतं त्याच्या निषेधार्थ तो चालू प्रयोगातून उठून निघून गेला. युद्ध सुरू व्हायच्या चार-पाच वर्षं आधी त्याला दिसलं. तेव्हा कुणालाच दिसलं नाही, हा बचाव चालत नाही. पेत्रोविचच्या कोठारातल्या त्या दोघांपैकी एकाने बोलायचं ठरवलं आणि दुसऱ्याने बाकावर बसायचं.

मग १९९६ साली बाताने एक भूमिका केली, आणि माझा हिशेब पुन्हा बिघडला. स्र्जान द्रागोयेविचचा 'सुंदर गावं सुंदर जळतात'. बोस्नियाच्या युद्धात एक सर्ब तुकडी बोगद्यात अडकते, बाहेर मुसलमान लढवय्ये वेढा घालून बसलेत. या बोगद्याचं टिटोच्या काळात थाटामाटात उद्घाटन झालेलं असतं आणि त्याला नाव दिलेलं असतं 'बंधुता आणि ऐक्य'. तुकडीत चोर आहे, शिक्षक आहे, माथेफिरू आहेत. आणि एक जुना युगोस्लाव्ह सैन्याधिकारी आहे, ग्वोझ्देन. टिटो गेला तेव्हा त्याच्या अंत्ययात्रेसाठी हा माणूस शेकडो किलोमीटर चालत बेलग्रेडला गेला होता. आता तो त्याच देशाचे लचके तोडणाऱ्यांसोबत अंधारात बसलाय. अंगावर अजून शिस्त आहे, पण ती कोणासाठी हे सांगता येत नाही. हा बाता.

सिनेमावर टीका झाली, की तो सर्बांच्या बाजूने झुकतो. बोगद्यातली माणसं आपल्याला एकेका नावाने भेटतात आणि बाहेरचे नुसते आवाज राहतात. टीका बरोबर आहे. पण द्रागोयेविचने ग्वोझ्देनसाठी दुसरा कोणताही चांगला नट न घेता बाताच घेतला, यात मला चतुराईबरोबर क्रूरपणाही दिसतो. प्रेक्षागृहातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं की बोगद्यात बसलेला हा माणूस वाल्टर आहे, 'पूल'मधला टायगर आहे, स्टोले आहे. चाळीस वर्षं जो चेहरा वेढे फोडताना पाहिला तो आता चुकीच्या बाजूला वेढ्यात सापडलाय. शेवटी ग्वोझ्देन एक ट्रक घेऊन बोगद्याबाहेर सुसाट निघतो, मरायलाच. जुन्या सिनेमांत अशा वेळी बाता पूल उडवायचा. इथे उडवायला काही शिल्लक नाही.

बाताला यातलं किती उमगलं असेल? स्वतःवरच रचलेली ही गोष्ट आहे हे त्याला कळलं असणार, इतका कच्चा नट तो नव्हता. ती कळूनही त्याने भूमिका घेतली आणि जीव ओतून केली. पक्ष मात्र सोडला नाही. मी याची सांगड घालायचा प्रयत्न करतो आणि दर वेळी एक टोक हातातून निसटतं.

२००२ साली तो सर्बियाच्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीला उभा राहिला. मिलोशेविच तेव्हा हेगच्या तुरुंगात खटल्याला तोंड देत होता आणि तिथून त्याने आपल्याच पक्षाचा उमेदवार सोडून अतिराष्ट्रवादी शेशेलला पाठिंबा दिला. बाताला तीन टक्क्यांच्या आसपास मतं पडली. ज्या देशात त्याला न ओळखणारा माणूस सापडणं कठीण, तिथे तीन टक्के. मला हा आकडा वाचून त्या लोकांबद्दल आदर वाटला. त्यांनी वाल्टर बघताना टाळ्या वाजवल्या असतील, पण मतपेटीपाशी त्यांना नट आणि उमेदवार वेगळे करता आले. आपल्याकडे हे नेहमी जमतंच असं नाही.

२२ मे २०१६ला तो बेलग्रेडमध्ये गेला, ८२ वर्षांचा होऊन. पुढच्याच महिन्यात चीनचे अध्यक्ष शी जिनपिंग सर्बियाला आले. त्याआधी तिथल्या वृत्तपत्रातल्या लेखात त्यांनी आपल्या पिढीच्या आठवणींतले सिनेमे म्हणून 'पूल' आणि 'वाल्टर' यांची नावं घेतली. सारायेव्होत २०१९ला वाल्टरचं संग्रहालय उघडलं, चिनी पर्यटक तिथे रांगा लावतात. त्यांच्यासाठी हा सगळा निखळ लहानपणाचा ठेवा आहे. सारायेव्होकरांसाठी तो तसा निखळ कसा राहील? पण त्यांनी संग्रहालय बंद केलेलं नाही. वाल्टर त्यांचा आहे, नट बेलग्रेडचा होता, इतकं त्यांनी बहुधा ठरवून टाकलंय.

कुणाला बाता बघायचा असेल तर लोक आधी 'वाल्टर' लावा म्हणतील. मी म्हणेन 'तीन' लावा, आणि तिसऱ्या गोष्टीपाशी घाई करू नका. त्याला किती येत होतं ते तिथे दिसतं. मग 'पिसं', मग 'वाल्टर', मग बोगदा, याच क्रमाने. 'नेरेत्वा' वेळ असला तरच. तीन तासांच्या आसपास जातात आणि बाताच्या वाट्याला त्यातली थोडीच मिनिटं आली आहेत.